तीन तात्या आणि सात काठे

आमच्या तात्यापाऱ्याला ज्याच्यावरून हे नाव पडलं तो तात्या कोण, यावर आमच्या घरात निदान तीन पिढ्या भांडण चाललं. नानांचा, म्हणजे माझ्या आजोबांचा तात्या भोसल्यांच्या पदरचा कारकून होता. नानांच्या थोरल्या बहिणीचा, जिला आम्ही सगळेच आत्याबाई म्हणायचो, तिचा तात्या मारुतीच्या देवळातला पुजारी. आणि शेजारच्या वाड्यातल्या काकांचा तात्या तर थेट तात्या टोपे. ते रायपुरात कधी आले होते, असं नानांनी विचारलं की काका म्हणत, "आले असतील रात्रीचे." रात्री येऊन गेलेल्या माणसाचा पुरावा कसला मागायचा!

पारा म्हणजे आळी. रायपुरात पेठा नाहीत, पारे आहेत. बूढापारा, ब्राह्मणपारा, कंकालीपारा, आमापारा. पुण्याच्या माझ्या मावसबहिणीला पारा म्हटलं की थर्मामीटर आठवतो, आणि मी बोलायला लागले की तिचा चढतोही. 'मी कालच आली', 'आई स्वयंपाक करून राहिली', 'जेवण बनलं का' ही माझी वाक्यं ऐकून तिच्या सासूबाईंनी एका लग्नात विचारलं, "तुम्ही मूळच्या कुठल्या?"

म्हटलं, रायपूरच्या.

"हो, पण मूळच्या?"

या 'मूळच्या'साठी नाना एकदम दोनशे वर्षं मागे जायचे. उन्हाळ्याच्या रात्री अंगणात पाणी मारून खाटा टाकल्या की गोष्ट सुरू. आमचा मूळपुरुष बिंबाजी भोसल्यांबरोबर नागपूरहून निघाला, घोड्यावर बसून रतनपूरला आला, राजाचे हिशेब लिहू लागला. पलीकडच्या खाटेवरून अंधारातच आत्याबाई म्हणायची, "घोडा नव्हे रे, बैलगाडी. गाडीत दप्तराचे पेटारे आणि पेटाऱ्यांवर तुझा मूळपुरुष." नाना घोड्यावरून उतरायला तयार नसत. आम्हा मुलांचं मत अर्थातच घोड्याला.

नानांची गोष्ट बिंबाजीपासून, म्हणजे १७५८ पासून सुरू व्हायची. त्याआधीची सतरा वर्षं ते एका वाक्यात उरकत. "भास्करपंत आले, रतनपूर घेतलं." त्या एका वाक्यात काय काय दडलं होतं ते मला फार नंतर वाचून कळलं. भास्करपंत कोल्हटकर १७४१ साली मोठी फौज घेऊन बंगालच्या वाटेवर रतनपूरला थडकले. रतनपूर ही छत्तीसगढच्या हैहयवंशी राजांची जुनी राजधानी. राजा रघुनाथसिंह म्हातारा झालेला, मुलगा गेल्याच्या दुःखात बुडालेला. तो लढलाच नाही. भोसल्यांच्या तोफांनी राजवाड्याचा काही भाग ढासळला तेव्हा एका राणीनं तटावर पांढरं निशाण चढवलं. गावावर एक लाख रुपये दंड बसला आणि खजिन्यात होतं नव्हतं ते गेलं.

हे आमच्या ओसरीवर कुणी सांगितलं नाही. पहिल्यांदा कानावर पडलं ते आमच्याकडे भांडी घासायला येणाऱ्या रौताइनीच्या तोंडून. छत्तीसगढमध्ये राऊत म्हणजे गुरं राखणारा, दूध घालणारा. त्याची बायको रौताइन. नाना एका सकाळी बिंबाजीची रामभक्ती सांगत होते आणि ही अंगणात राखेनं तांब्या घासत होती. मान वर न करता म्हणाली, "तुंहर राजा हमर राजा ला लूटिस, बाबू."

नाना जरा वेळ गप्प झाले. मग आत वळून म्हणाले, "तिला चहा दे गं."

बिंबाजीबद्दल मात्र नाना सांगत ते बरंचसं खरं निघालं. तो पहिल्या रघूजींचा मुलगा. नागपूरच्या गादीखाली असूनही रतनपुरात स्वतःचा दरबार भरवून राजासारखा राहिला, आणि १७८७ साली तिथेच गेला. रतनपूरच्या टेकडीवर त्यानं रामाचं देऊळ बांधलं. नागपूरच्या माणसाला रामटेक सोडवेना, म्हणून ती रामटेकरी. मी पाहिली तेव्हा वर चढताना धाप लागली; वरून खाली पाहिलं तर जिकडेतिकडे तळी. दसऱ्याला सोनं वाटायची रीत इकडे त्यानंच आणली असं छत्तीसगढच्या शाळेतल्या इतिहासातही शिकवतात. आजही दसऱ्याला आमच्या गल्लीतला सिंधी दुकानदार, त्याच्या वरच्या मजल्यावरचे बंगाली मास्तर आणि कोपऱ्यावरचा साहू, सगळे सोनपत्ती देऊन गळाभेट घेतात. यात मराठी असं काही आहे हे त्यांच्या गावीही नाही. मला हेच बरं वाटतं.

बिंबाजीनंतर आलेल्या व्यंकोजी भोसल्यांना नागपूर सोडवत नव्हतं. त्यांनी सुभेदार नेमले आणि कारभार लांबून चालवला. मग कारभार म्हणजे वसुली. जमीनदारांकडून टाकोळी, येणाऱ्याजाणाऱ्या मालावर सायर, दारूवर कलाली, आणि शेती न करणाऱ्यांवर एक पट्टी, तिचं नाव पंडरी. आज रायपुरात पंडरी म्हणून कपड्यांचा मोठा बाजार भरलेला भाग आहे. आजीला तिथे साडी घ्यायला नेलं की ती गमतीनं म्हणायची, "चला, पंढरीला जाऊन येऊ." ती तिचा विठोबा मनात धरून रिक्षात बसायची. मी जुन्या वसुलीची यादी वाचली तोवर आजी गेलेली होती, आणि असती तरी मी तिला ती वाचून दाखवली नसती.

१७९५ साली ब्लंट नावाचा इंग्रज कप्तान या मुलखातून गेला. त्याला रतनपूर पडझडीला आलेलं दिसलं आणि रायपूर मोठं, साधारण ३००० झोपड्यांचं. पुढे १८१८ मध्ये भोसल्यांचं राज्य इंग्रजांच्या देखरेखीखाली आलं आणि कर्नल ॲग्न्यू यानं छत्तीसगढचं ठाणं रतनपूरहून रायपूरला हलवलं. हे वाचताना मला एकदम खाटांवरचं भांडण आठवलं. दप्तर हललं म्हणजे पेटारे हलले. पेटारे हलले म्हणजे कारकून हलले. घोड्यावरून कुणी रतनपूरला आला असेल तर त्याचा नातू बैलगाडीतूनच रायपूरला आला असणार. दोघं भावंडं आयुष्यभर दोन वेगवेगळे प्रवास एकच समजून भांडत राहिली.

त्या पेटाऱ्यांपैकी एक आमच्या माजघरात होता, शिसवीचा, पितळी कड्यांचा. त्यात मोडी कागद. नाना रायपुरात हिंदी शाळेत शिकले, त्यामुळे मोडी त्यांना येत नव्हती. त्यांच्या वडलांना येत होती, पण त्यांनी कधी वाचून दाखवली नाही. दर दिवाळीला पेटारा उघडायचा, कागदांना ऊन द्यायचं, कडुनिंबाचा पाला बदलायचा आणि बंद करायचा. नानांची खात्री होती की आत सनद आहे. निदान इनामाचा एखादा कागद.

१८५४ मध्ये नागपूरचं राज्य खालसा झालं, १८६१ मध्ये मध्य प्रांत झाला, राजधानी नागपूर. मग रेल्वे. १८८२ मध्ये नागपूरहून राजनांदगावपर्यंत मीटरगेज आली, पुढे बंगाल नागपूर रेल्वेनं ती रुंद करून पार कलकत्त्याकडे नेली. घोड्यांवर आणि बैलगाड्यांवर आले त्यांच्यापेक्षा मराठी माणूस या रुळांवरून जास्त आला. वकील, मास्तर, तारबाबू, ओव्हरसियर. आजी नागपूरच्या महालातली, ती अशीच मेलनं नवरी होऊन आली. रायपूर स्टेशनवर उतरली तेव्हा तिनं पहिलं वाक्य कुठलं ऐकलं असेल? हमाल विचारत होता, "कोन पारा जाबे?" तिला वाटलं शिव्या देतोय.

आजीची एक तक्रार शेवटपर्यंत राहिली. या गावातल्या मोठ्या मराठी माणसांनी लिहिलं ते सगळं हिंदीत. तिचा रोख माधवराव सप्रे यांच्यावर. सप्रे १८७१ साली दमोह जिल्ह्यातल्या पथरियाला जन्मले, बिलासपूर-रायपुरात शिकले. जानेवारी १९०० मध्ये पेंड्रासारख्या आडगावातून त्यांनी रामराव चिंचोलकरांबरोबर 'छत्तीसगढ़ मित्र' हे मासिक काढलं, वामनराव लाखे त्याचे प्रकाशक. तीन मराठी माणसं आणि मासिक हिंदी. तीन वर्षं चाललं. हिंदीत समालोचन नावाची गोष्ट नीट उभी राहिली त्यात या मासिकाचा वाटा मोठा. पुढे टिळकांच्या वळणावर नागपूरहून 'हिंदी केसरी'.

इथून पुढचं नाना आवाज उतरवून सांगत. १९०८ मध्ये सप्र्यांना राजद्रोहाखाली धरलं. घरच्यांचा दबाव असा आला की त्यांनी माफीनाम्यावर सही केली आणि सुटले. सुटले खरे, पण स्वतःला सोडलं नाही. नाना सांगत की त्यांनी दिवसाचे दिवस माधुकरी मागून काढले, लोकांत तोंड दाखवलं नाही. रामदासांचा आधार घेतला आणि 'दासबोध' हिंदीत आणला; पुढे टिळकांचं 'गीतारहस्य'ही. नाना इथे थांबत. मग म्हणत, "मराठीतून हिंदीत पोतं वाहून नेणारा हमाल झाला तो माणूस. त्याला नावं ठेवू नका." हे शेवटचं आजीला उद्देशून. आजी म्हणायची, "मी कुठे ठेवतेय? मी म्हणते, चार ओळी मराठीतही लिहायच्या होत्या."

लाख्यांची गोष्ट सांगताना मात्र नाना खुलत. सहकारी बँकेच्या कामात त्यांनी हयात घालवली. सरकारनं रावसाहेब केलं होतं, तो किताब असहकारात परत केला. १९३० च्या सत्याग्रहात रायपूरच्या पाच पुढाऱ्यांना लोक पाच पांडव म्हणू लागले. त्यात वामनराव लाखे युधिष्ठिर, महंत लक्ष्मीनारायणदास भीम, ठाकूर प्यारेलालसिंह अर्जुन, मौलाना अब्दुल रऊफ नकुल आणि शिवदास डागा सहदेव. एक मराठी, एक मठाचे महंत, एक ठाकूर, एक मौलाना, एक मारवाडी. अशी पांडवांची जुळणी व्यासांनाही सुचली नसती. आज लाखेनगर नावाची वस्ती आहे. रिक्षावाल्याला विचारलं, लाखे कोण? म्हणाला, कोई लखपति रहे होंगे.

आतापर्यंत मी 'बेट' हा शब्द वापरला नाही, कारण तोवर आम्ही बेट नव्हतोच. भाषेचे अभ्यासक आमच्यासारख्यांना भाषिक बेट म्हणतात आणि तंजावरच्या ओळीत बसवतात. ऐकायला छान वाटतं, जणू आम्ही गलबतातून निघून लांब कुठे किनाऱ्याला लागलो. पण आमच्या पायाखालची जमीन हलली नाही, आमच्याभोवती पाणी चढलं, आणि त्याची तारीख सांगता येते. १ नोव्हेंबर १९५६. आदल्या रात्री तात्यापारा जेवून झोपला तेव्हा मराठी आणि हिंदी दोन्ही बोलणाऱ्या प्रांतात झोपला, त्याची पुढारलेली थोरली बहीण नागपूर. सकाळी उठला तेव्हा नागपूर मुंबई राज्यात गेलं होतं आणि आमची राजधानी भोपाळ झाली होती. नाना कलेक्टर कचेरीत होते. त्यांच्या अर्जांना उत्तरं नागपूरहून येत, ती भोपाळहून येऊ लागली. कोर्टकज्जे नागपूरऐवजी जबलपूरला. नागपूर तिथेच, तीनशे किलोमीटरवर, मेलही तीच आणि त्याच वेळेला. फक्त डोंगरगढ गेलं की पुढे परराज्य.

मी १९५७ ची. म्हणजे घरातलं बेटावर जन्मलेलं पहिलं माणूस.

पाणी चढल्याची खूण लगेच दिसत नाही. आधी नागपूरचं वर्तमानपत्र एक दिवस शिळं येऊ लागलं आणि ते शिळंच वाचायची सवय झाली. मग शाळेतली मुलं हिंदीत भांडू लागली. मग स्थळं. नागपूरकर आधी मुलगी सहज द्यायचे, आता विचारू लागले, "इतक्या लांब?" अंतर एका मैलानंही वाढलेलं नव्हतं. रायपूरचं महाराष्ट्र मंडळ १९३५ चं. आजीच्या म्हणण्याप्रमाणे आधी बायका तिथे नाटकाला जायच्या, नंतर नुसतं मराठी ऐकायला. आज चौबे कॉलनीत मंडळाची मोठी वास्तू आहे, शाळा चालते, दिव्यांग मुलींचं वसतिगृह चालतं. त्या शाळेत मराठी घरांपेक्षा बाकीच्यांचीच मुलं भरपूर. काही जुने सदस्य हळहळतात. मला त्यात हळहळण्यासारखं काय ते समजत नाही.

एका घरातले दोन भाऊ दोन किनाऱ्यांना लागतात याचं इकडचं उदाहरण मुक्तिबोधांचं. गजानन माधव मुक्तिबोध १९५८ पासून राजनांदगावच्या दिग्विजय महाविद्यालयात शिकवत होते, हिंदीतले एवढे मोठे कवी. त्यांचे धाकटे भाऊ शरच्चंद्र नागपुरात, मराठीतले कवी-समीक्षक. भाऊ एकमेकांना कुठल्या भाषेत पत्र लिहीत, हा आत्याबाईचा प्रश्न. तिला कुणी उत्तर दिलं नाही, पण प्रश्न मला फार आवडतो.

खरंखुरं बेट नानांनी आम्हाला एकदाच दाखवलं. बिलासपूर रस्त्यावर बैतलपूरहून आत गेलं की शिवनाथ नदी दोन फाट्यांत फुटते आणि मधे मदकू द्वीप उरतं. नदी येते ती महाराष्ट्राच्या सीमेलगतच्या डोंगरांतून, हे नानांनी मुद्दाम सांगितलं. बेडकाच्या आकाराचं बेट, म्हणून मंडूकचं मदकू. लोक मांडुक्य ऋषींचं नाव घेतात. हिवाळा होता. गुडघाभर पाण्यातून चपला हातात घेऊन गेलो. आत दाट झाडी, माकडं, धूमनाथाचं देऊळ, आणि इकडेतिकडे मातीचे उंचवटे. एका उंचवट्यावर सतरंजी टाकून आम्ही दशम्या आणि लसणाची चटणी खाल्ली. गावातल्या एका म्हाताऱ्यानं सांगितलं, फेब्रुवारीत या, तेव्हा इथे ख्रिस्ती लोकांचा मेळा भरतो, तंबू पडतात, आठवडाभर प्रार्थना चालते. १९०९ पासून भरतो. आजीला नवल वाटलं. "ऋषींचं बेट ना हे?" म्हातारा म्हणाला, "बेट सबके आय."

२०११ साली राज्याच्या पुरातत्त्व खात्यानं तिथे उकरलं. मातीखाली एका ओळीत १९ देवळांचे चौथरे निघाले, लाल दगडाचे, दहाव्या-अकराव्या शतकातले. मी पुन्हा गेले तेव्हा ती ओळ नीट रचून उभी केलेली होती. आम्ही सतरंजी टाकली होती तो उंचवटा कुठला, ते ओळखायचा फार प्रयत्न केला. शेवटी वाटलं, सातव्या नि आठव्याच्या मधे कुठेतरी. हजार वर्षांच्या देवळावर बसून आम्ही चटणी तिखट झाली म्हणून भांडलो होतो, आणि इतिहास सांगणारे नाना वर बसून बिंबाजीचंच सांगत होते.

आमच्या घरात जे आलं तेही असंच न सांगता, खालून आलं. हरितालिकेच्या आदल्या रात्री आमच्याकडे कारल्याची भाजी नि भात होतो. छत्तीसगढात ते करू भात. तीजेचा उपास धरायच्या आधी बायका कारलं खातात. आजीला ते रौताइनीनं शिकवलं. पोळ्याला नागपूरच्या पुरणपोळीशेजारी ठेठरी आणि खुरमी बसते, देवापुढे मातीचा नांदिया बैल, आणि मुलींसाठी मातीचं जातं. चेंच भाजी, बोहार भाजी, चुनचुनिया ही नावं पुण्यात सांगितली की लोक हसतात. आमच्या मूगडाळीच्या खिचडीला चुनचुनिया नसली तर मी जेवत नाही. माझ्या सूनबाई छत्तीसगढी, गावाकडच्या. त्यांचं मराठी माझ्यापेक्षा शुद्ध आहे, कारण त्या पुस्तकातून शिकल्या. 'मी आले' म्हणतात. त्यांनी तसं म्हटलं की मला क्षणभर वाटतं पुण्याहून पाहुणी आली.

गेल्या वर्षी भाच्यानं पेटारा उघडला, कागदांचे मोबाइलवर फोटो काढले आणि नागपूरच्या एका मोडी जाणणाऱ्या गृहस्थांना पाठवले. आठवडाभर मी उगीच अस्वस्थ होते. नानांची सनद! उत्तर आलं. सनद नाही, इनाम नाही. घरखर्चाची टिपणं. तूप, गूळ, तेल, मुंजीचा खर्च, छपरावरच्या खापऱ्या. एका कागदावर मात्र उसनवारी. एका राऊताचं नाव, आणि पुढे: धान, काठे ७.

ते गृहस्थ फोनवर म्हणाले, "बाई, एक शब्द लागत नाही. पायली माहीत आहे, कुडव माहीत आहे. हे काठे काय?"

मी त्यांना सांगितलं. काठा म्हणजे इकडचं लाकडी माप. वीस काठ्यांची खांडी. माझ्याकडे एक आहे, आत्याबाईचा. म्हणजे आमचा मूळपुरुष, की त्याचा नातू, कुणी का असेना, रात्री समई लावून मोडीत लिहायला बसला आणि त्याच्या बोरूतून 'पायली' उतरली नाही, 'काठा' उतरला. फेडले की नाही ते पुढच्या कागदावर असेल. पुढचा कागद वाळवीनं खाल्लाय.

परवा पौषातली पुनव झाली, छेरछेरा. धान कापून घरात आलेलं असतं, मुलं टोळीनं दारोदार धान मागत येतात, आणि त्या दिवशी नाही म्हणायचं नसतं. सकाळीच मी आत्याबाईचा काठा पुसून ठेवला. सूनबाईंनी गावाहून धानाचं पोतं मागवलं होतं. आठ-दहा पोरं आली, पिशव्या वाजवत, गलका करत. मी खाली बसून पहिला काठा काठोकाठ भरला, हातानं सपाट केला आणि पुढच्या पोराच्या पिशवीकडे नेला. त्यानं पिशवी मागे घेतली.

"दाई, धान नई," तो म्हणाला, "पइसा दे."